खसखसचे वजन : आठवडा 38

मागच्या नोंदीत मी मोठ्या दिमाखात लिहिले होते की माझ्या सिंगापुरा जातीच्या मांजरीने, खसखसने, 2 किलोचा टप्पा ओलांडला असून वजनाचा विषय आता मिटला. तो मिटलेला नाही. 31व्या आठवड्यात 2,120 ग्रॅम भरलेले तिचे वजन परवा 1,985 ग्रॅमवर आले. 135 ग्रॅम म्हणजे तीन लिंबे; पण या चिमुकल्या जीवाच्या हिशेबाने ती सहा टक्क्यांहून अधिक घट आहे, म्हणजे साठ किलोच्या माणसाने सात आठवड्यांत जवळजवळ चार किलो गमवावेत तशी. सिंगापुरा मादीचे पूर्ण वाढीचे वजनच साधारण 2 किलो असते आणि ही जात सावकाश, दीड-दोन वर्षांपर्यंत वाढत राहते. तेरा महिन्यांच्या मांजरीचे वजन या वयात वाढायला हवे, निदान स्थिर तरी राहायला हवे.

(नव्याने वाचणाऱ्यांसाठी : अंगावरच्या टिकिंगमुळे (एकेका केसावर फिकट-गडद पट्टे असल्याने दिसणाऱ्या बारीक ठिपक्यांमुळे) तिचे नाव खसखस. सिंगापुरात येताना सामानातून खसखस आणता येत नाही, तेव्हा घरात निदान नावाची तरी असावी, हा त्यामागचा विचार.)

पहिला संशय अर्थातच काट्यावर गेला. माणसांच्या काट्यावर तिला घेऊन उभे राहायचे आणि आपले वजन वजा करायचे, ही सर्वत्र सुचवली जाणारी पद्धत पाच किलोच्या मांजरासाठी एकवेळ ठीक असेल. परंतु ज्या काट्याचे लघुतम माप 100 ग्रॅम आहे, त्याची दोन वाचने एकमेकांतून वजा करून 30 ग्रॅमचा फरक शोधणे म्हणजे फूटपट्टीने केसाची जाडी मोजण्यासारखे आहे. स्वयंपाकघरातला 5 किलोचा काटा ग्रॅमपर्यंत अचूक आहे, पण त्याची थाळी इतकी लहान की खसखस बसली तरी तिचे शेपूट ओट्यावर टेकते आणि तेवढा भार ओटा उचलतो. एकाच सकाळी पाच मिनिटांच्या अंतराने मला 18 ग्रॅमचा फरक मिळाला, तो निव्वळ शेपटाचा. शेवटी कांदे ठेवायची वेताची टोपली काट्यावर ठेवून टेअर केले, म्हणजे काटा शून्यावर आणला, आणि बाजूला होऊन वाट पाहिली. रिकामी टोपली दिसताच बाईसाहेब आपणहून आत जाऊन वेटोळे करून बसल्या. त्या क्षणाचा आनंद मी लपवणार नाही. त्यानंतर बाळांसाठीचा, ‘होल्ड’ची (हलणाऱ्या जीवाचे वजन स्थिर धरून दाखवायची) सोय असलेला काटाही घेतला, ‘पाळीव प्राण्यांसाठी’ असे लेबल लावून तसेच यंत्र जवळजवळ दुप्पट किमतीला विकले जाते, ते घेऊ नये.

दुर्दैवाने दोन्ही काट्यांनी एकच उत्तर दिले. रोज सकाळी, लिटर बॉक्समध्ये जाऊन आल्यावर आणि खाण्याआधी, अशी तीन आठवडे वजने घेतली. रेषा खालीच जात राहिली.

मग डॉक्टर. रक्त, विष्ठा, दात, सर्व ठीक. सिंगापुरा पाळणाऱ्याच्या मनात अशा वेळी पायरुवेट कायनेजच्या कमतरतेची धास्ती असतेच. तांबड्या पेशींतील या विकराचा हा आनुवंशिक दोष अ‍ॅबिसिनियन आणि सोमाली मांजरांप्रमाणे याही जातीत आढळतो, आणि मोजक्या पूर्वजांपासून वाढवलेल्या जातीत असे दोष टिकून राहतात. 1975 साली अमेरिकेत पोहोचलेल्या तीन मांजरांवर ही जात उभी राहिली आणि ती तिन्ही मुळात 1974 मध्ये अमेरिकेतूनच सिंगापुरात आणली गेली होती, हे पुढे कागदपत्रांतून उघड झाले, तरी 1991 मध्ये ‘कुचिंता’ नावाने तिला या देशाचे पर्यटनचिन्ह केले गेलेच. मला त्या वादापेक्षा पूर्वजांची ती लहान संख्या अधिक छळते. गालाच्या आतल्या नमुन्याची चाचणी केली. खसखस त्या दोषाची वाहकसुद्धा नाही.

खाण्याचा ब्रँड तोच, मापही तेच होते, मात्र वाटीत उरलेले खाणे मी मोजतच नव्हते. ते मोजू लागल्यावर दिसले की दुपारच्या ओल्या खाण्याच्या 40 ग्रॅमपैकी 15-20 ग्रॅम रोज तसेच राहते. म्हणून वेळेवर उघडणारे स्वयंचलित भांडे मागवायचे ठरवले होते आणि त्याविषयी तुमची मते विचारण्यासाठीच ही नोंद लिहायला बसले.

परंतु लिहिताना आलेख समोर ठेवला आणि थबकले. सर्वांत वेगाने वजन वाढले ते 27 ते 31 या आठवड्यांत, आणि नेमक्या त्याच काळात सासूबाई नाशिकहून आमच्याकडे राहायला आल्या होत्या. दुपारी त्या स्वयंपाकघरात जमिनीवर बसून वाती वळत आणि खसखस त्यांच्या मांडीला पाठ टेकवून जेवत असे. आता दुपारी घरात कोणीच नसते. कॅमेऱ्यात पाहिले, तर दोन घास खाऊन ती मांजराच्या परवान्यासाठी खिडकीला बसवलेल्या जाळीपाशी जाऊन बसते आणि वाटीकडे परत फिरकत नाही. माणसांवाचून न करमणारी जात म्हणून जिला मी हौसेने निवडले, तिला एकटीने जेवायला लावणारी मीच.

एवढे लिहून सासूबाईंना फोन केला. त्यांनी सर्व शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाल्या, “अगं, मी तिला रोज बोटभर साय देत होते. तू रागावशील म्हणून बोलले नाही.”

म्हणजे आता एकाऐवजी दोन कारणे झाली. स्वयंचलित भांडे तूर्त रद्द. ते ना सोबत देईल, ना साय. साय परत सुरू करणार नाही, कारण बऱ्याच प्रौढ मांजरांना दुधातली साखर पचत नाही. त्याऐवजी पहिले दोन आठवडे दुपारचे जेवण संध्याकाळी सातला, मी घरी आल्यावर, तिच्याशेजारी बसून द्यायचे आणि बाकी काहीही बदलायचे नाही. वजन तरीही वाढले नाही, तर ओले खाणे 10 ग्रॅमने वाढवायचे. दोन्ही बदल एकदम केले, तर काय लागू पडले ते कधीच कळणार नाही.

आज संध्याकाळी कापूस घेऊन जमिनीवर बसले. वाती वाकड्यातिकड्या झाल्या. वाटीत 3 ग्रॅम उरले.