डी अँड डीच्या फाईटमध्ये नंबर कसा लागतो, आणि आम्हाला तो कसा जमला

डी अँड डी, म्हणजे डन्जन्स अँड ड्रॅगन्स, कधी खेळला नसाल तर एवढंच समजा की प्रत्येक जण एकेक कॅरेक्टर चालवतो, एरवी हा खेळ गप्पांसारखा चालतो, कोणीही कधीही बोलतं, मी दार उघडतो, मी त्या म्हाताऱ्याला विचारते, आणि तलवार निघाली रे निघाली की डीएम (डन्जन मास्टर, गोष्ट सांगणारा आणि राक्षस चालवणारा) म्हणतो "इनिशिएटिव्ह टाका", म्हणजे पाळीचा क्रम ठरवणारा फासा टाका, मग ज्याचा नंबर त्यानेच बोलायचं. आमचा ग्रुप नागपूरचा, त्रिमूर्ती नगरात एका मित्राकडे रविवारी दुपारी बसतो, आणि राक्षसांपेक्षा आमची भांडणं या नंबरावरून जास्त झाली. ती कशी कमी झाली ते लिहितोय, नवीन ग्रुप असेल तर कामात येईल.

नियम तसा दोन ओळींचा आहे. प्रत्येकाने डी२० टाकायचा म्हणजे वीस बाजूंचा फासा, त्यात कॅरेक्टरचा डेक्स्टेरिटी मॉडिफायर (चपळाईचा आकडा) मिळवायचा, मोठा आकडा आधी, लहान नंतर. एकसारखे गॉब्लिन असले तर डीएम त्या सगळ्यांचा मिळून एकच फासा टाकतो. दोन प्लेअरचा आकडा सारखा आला तर त्यांनी आपसात ठरवायचं, प्लेअर आणि राक्षसाचा सारखा आला तर डीएम ठरवेल. मग त्याच क्रमाने सगळ्यांची पाळी, सगळे झाले की एक राउंड संपला, आणि पुन्हा वरून तेच, फासा परत टाकायचा नाही. आपल्या पाळीत आपल्या स्पीडएवढं चालायचं आणि एक ॲक्शन करायची, बोनस ॲक्शन (जादाची छोटी ॲक्शन) तुमच्या क्लासने (कॅरेक्टरच्या प्रकाराने) किंवा स्पेलने (मंत्राने) दिली असेल तरच, ती सगळ्यांना फुकट मिळत नाही (हे आमच्या बार्बेरियनला, म्हणजे रानटी योद्धा चालवणाऱ्याला, फार उशिरा पटलं). रिॲक्शन (काही घडलं की दिलेलं झटपट प्रत्युत्तर) मात्र दुसऱ्याच्या पाळीतही वापरता येते, पण एकदाच, ती परत मिळते ती आपली पुढची पाळी सुरू झाल्यावर.

गेममध्ये हा पूर्ण राउंड साधारण ६ सेकंदांचा मानतात. आमच्याकडे त्या ६ सेकंदांत चहा उकळून, गाळून, पिऊन व्हायचा.

उशीर का होतो हे पाहिलं तर फासे टाकण्यात वेळ जातच नव्हता. वेळ जायचा तो "आता कोणाचा नंबर?" मध्ये. डीएम दादा वहीत क्रम लिहून घ्यायचे आणि नाव पुकारायचे, पण मे महिना, खिडकीला तो भलामोठा कूलर, त्याच्या आवाजात काही ऐकू येत नाही, मग "अबे तुझा नंबर आहे", "माझा? मले वाटलं हिचा आहे", "काय होऊन राहिलं सध्या, ओगर कुठं आहे", की मग दादा सगळं पहिल्यापासून सांगणार. क्रम फक्त डीएमच्या वहीत असला की बाकीचे सगळे मोबाईलमध्ये जातात, त्यात त्यांचा दोष नाही. मग नावांच्या चिठ्ठ्या करून टेबलावर रांगेत ठेवल्या, त्या कूलरने उडवल्या. शेवटी ज्यांच्या घरी खेळतो त्या काकूंच्या दोरीवरचे कपड्यांचे चिमटे आणले, एकेका चिमट्यावर स्केचपेनने एकेक नाव लिहिलं आणि डीएमच्या पुठ्ठ्याच्या पडद्यावर वरच्या कडेला ओळीने लावले. सगळ्यांना दिसतात, उडत नाहीत, कोणी मेलं की चिमटा काढला. आणि दादांनी पुकारण्यात एक बदल केला, आता ते दोन नावं घेतात (रोग म्हणजे चोर, विझार्ड म्हणजे जादूगार), "रोग, तुझा नंबर, विझार्ड तयार राहा". दुसरं नाव घेतल्याने जेवढा वेळ वाचला तेवढा कशानेच वाचला नसेल, कारण स्पेलचं वर्णन वाचायचं काम दुसऱ्याच्या पाळीत होऊन जातं.

मग सरप्राइजचं भांडण. आमचा रोग चालवणारा भाऊ, बोलणी सुरू असतानाच म्हणायचा "मी बाण मारला", आणि त्याचं म्हणणं असं की मी आधी बोललो तर माझा बाण आधी लागला पाहिजे, इनिशिएटिव्ह नंतर. २०१४ च्या, म्हणजे फिफ्थ एडिशनच्या नियमांत तसं नाही. मारायचं ठरवलं की आधी सगळ्यांचे फासे पडतात, ज्याला हल्ल्याची खबरच नव्हती तो सरप्राइज्ड धरतात, त्याला पहिल्या पाळीत चालता येत नाही, ॲक्शन करता येत नाही, आणि ती पाळी संपेपर्यंत रिॲक्शनही नाही. म्हणजे वेगळा फुकटचा राउंड नाही, पण समोरच्याची पाळी वाया जाते, आणि समोरासमोर बोलत असलेला माणूस धनुष्य उचललेलं बघतोच की, तो कसला बेसावध. २०२४ च्या नवीन पुस्तकात हे आणखी सौम्य केलंय, सरप्राइज्ड असेल त्याने फक्त इनिशिएटिव्हचे दोन फासे टाकून लहान आकडा घ्यायचा, बस. आमच्या भाऊला दोन्ही पटले नाहीत, पण डीएमला पटले, विषय संपला.

आता मला खरं जे सांगायचं आहे ते. आम्ही सगळेच आधी असं धरून चाललो होतो की वरचा नंबर चांगला, शेवटचा वाईट. २० पडला की टाळ्या, ३ पडला की तोंड वाकडं. पण क्रम राउंडभर फिरून परत तिथेच येतो ना, मग पहिला राउंड झाला की पहिला कोण आणि शेवटचा कोण याला काही अर्थच उरत नाही, ते गोल आहे. अर्थ उरतो तो तुमच्या लगेच आधी कोण आणि लगेच नंतर कोण याला. रमीत आपल्या आधीच्याने काय टाकलं त्यावर आपला डाव असतो, इथेही तेच.

हे आम्हाला डाकूंच्या सरदाराने शिकवलं. आमच्या विझार्ड चालवणाऱ्या मैत्रिणीकडे होल्ड पर्सन नावाचा स्पेल आहे, माणसाला जागच्या जागी जखडतो, जखडलेल्यावर हल्ला करताना सगळ्यांना ॲडव्हांटेज (दोन डी२० टाकून मोठा आकडा घ्यायचा), आणि ५ फुटांच्या आतून लागलेला प्रत्येक वार क्रिटिकल (नुकसानीचे फासे दुप्पट). जबरदस्त स्पेल. पण जखडलेल्याला आपल्या प्रत्येक पाळीच्या शेवटी सुटायची संधी मिळते. तिचा नंबर सरदाराच्या बरोब्बर आधी होता. तिने जखडलं, लगेच सरदाराची पाळी, त्याने काही केलं नाही पण पाळीच्या शेवटी सुटला, आणि आम्ही बाकीचे हात चोळत बसलो, एकालाही मारायची संधी मिळाली नाही. हाच स्पेल तिने सरदाराच्या लगेच नंतरच्या नंबरावर टाकला असता तर त्याची पुढची पाळी यायच्या आधी आख्खी टीम त्याच्यावरून फिरली असती. तिचा आकडा मोठा होता आणि तोच नडला.

फायरबॉल या स्पेलचं याच्या उलट आहे. तो २० फूट त्रिज्येचा आगीचा गोळा, त्यात आपला माणूस सापडला तर तोही भाजतो, म्हणून विझार्ड आमच्या बार्बेरियनच्या आधी पाहिजे, तो एकदा घुसला की मग मैत्रीण नुसती कपाळाला हात लावून बसते. आणि रोगला स्नीक अटॅकसाठी (त्याचा जादा नुकसान करणारा वार) शत्रूजवळ आपलं कोणीतरी उभं असलं की काम होतं, म्हणून त्याला बार्बेरियनच्या नंतरचा नंबर बरा, पहिल्या नंबरावर येऊन त्याचा उपयोग कमी.

नंबर वाईट जागी पडला तर काय, हा प्रश्न मग येतोच. डी अँड डीच्या जुन्या थर्ड एडिशनमध्ये थांबून आपला नंबरच खाली सरकवता यायचा, २०१४ च्या नियमांत ते नाही, इथे रेडी ॲक्शन आहे, म्हणजे "सरदाराची पाळी संपली की मी अमुक करेन" असं आधी सांगून ठेवायचं. त्यात तुमची रिॲक्शन खर्च होते, आणि स्पेल रेडी केला तर तो धरून ठेवायला कॉन्सन्ट्रेशन (एकाग्रता) लागतं, मधे कोणी मारलं आणि ते तुटलं तर स्लॉट (स्पेल टाकायची एक संधी) गेला. म्हणून मैत्रीण ते फारसं करत नाही. २०२४ चा अलर्ट फीट (कॅरेक्टरला घेता येणारं खास कौशल्य) मला याच कारणासाठी आवडला, इनिशिएटिव्ह टाकून झाल्यावर राजी असलेल्या एका साथीदाराशी नंबर अदलाबदल करता येतो. जुन्या अलर्टमध्ये इनिशिएटिव्हसाठी नुसते +५ होते, म्हणजे फक्त वर जा.

मधल्या काळात आम्ही दुसऱ्या पद्धतीही करून पाहिल्या. डी अँड डीच्याच १९८१ च्या बेसिक सेटमध्ये प्रत्येक बाजूचा एकच सहा बाजूंचा फासा, दर राउंडला नवीन, जिंकेल ती बाजू पूर्ण आधी. वेगवान आहे, वादच नाही, पण राक्षसांना लागोपाठ दोन पाळ्या मिळाल्या की आपला एक जण तरी खाली पडतोच, लो लेव्हलला तर क्रूर आहे. सॅव्हेज वर्ल्ड्स नावाच्या दुसऱ्या गेममध्ये फासाच नाही, पत्ते वाटतात, एक्का सगळ्यात आधी, सारखे पत्ते आले तर इस्पिक, बदाम, चौकट, किलवर या क्रमाने, आणि जोकर आला तर कधीही खेळा, वर +२. बदाम सात खेळून मोठं झालेल्या आमच्या ग्रुपला हे एका मिनिटात समजलं आणि खूप आवडलं, जोकर निघाला की काकू आतून विचारतात काय झालं. पण तिथे दर राउंडला पत्ते नवीन, म्हणजे शेजारी कोण येईल ते आधी कळत नाही, प्लॅन करायची मजा जाते. मला वैयक्तिक डी अँड डीचं गोल जास्त आवडतं.

आता शेवटची भर पडली ती अशी की फाईट संपली की लगेच पुढच्या फाईटचे आकडे टाकून घेतो, दादा ते लिहून ठेवतात, त्यामुळे तलवार निघाल्यावर गणित करत बसावं लागत नाही, चिमटे लावायचे आणि सुरू. याला एकच तोटा, रोगचा आकडा चांगला आला असेल तर त्या दिवशी तो कोणाशीच बोलणी करायला तयार नसतो.