कमान नव्हतीच

समुद्राकाठच्या संरक्षित वस्तीतलं जुनं घर आम्ही घेतलं, तेव्हा दुरुस्ती किरकोळ वाटली होती. रस्त्याकडची कुजलेली खिडकी आणि तिच्याखालची ओली भिंत, बस्स. फोटो, मोजमापाचे नकाशे, साहित्याचे नमुने असं सगळं जोडून वारसा समितीकडे परवानगीचा अर्ज केला. तो परत आला. शेरा एका ओळीचा: ‘खिडकीला कमान होती, याला आधार काय?’

आधार काहीच नव्हता. पलीकडच्या घराला सुंदर कमान आहे, म्हणून आपल्याही खिडकीला असणार असं धरून मी ती नकाशात काढली होती. वारसा समितीतल्या वास्तुविशारद बाईंनी मला समोर बसवून सांगितलं, “तुम्ही चांगल्याच हेतूनं काढलीय, पण हा अंदाज झाला.” जुन्या वास्तूंच्या जतनाबद्दलच्या १९६४ च्या आंतरराष्ट्रीय व्हेनिस सनदेत हेच तत्त्व आहे: अंदाज सुरू होतो तिथे जीर्णोद्धार थांबायला हवा. मी चिडले होते, पण घरी येऊन पहिल्यांदाच त्या खिडकीकडे नीट पाहिलं.

वरची लाकडी तुळई दोन्ही बाजूंना भिंतीत खोल शिरलेली होती. तिच्यावरचे विटांचे थर सलग, कुठे भर घातल्याची खूण नाही. कमान कधी नव्हतीच! चौकटीवरचा रंग एका कोपऱ्यात ब्लेडनं हलकेच खरवडला. तपकिरीखाली हिरवा, त्याखाली निळा आणि अगदी तळाला गेरूसारखा तांबडा. त्या थरांचा जवळून फोटो काढून दुसऱ्या अर्जाला जोडला. तो मंजूर झाला.

सुतारानं नवी चौकट केलीच नाही. खालचा हातभर भाग कुजला होता, तेवढाच कापून त्याच जातीचं वाळलेलं लाकूड सांधलं. सांधा जवळून दिसतो, आणि तो दिसावा हेच योग्य आहे असं मला आता मनापासून वाटतं.

भिंतीनं मात्र वेळ खाल्ला. मूळ बांधकाम चुन्यातलं. आधी कुणीतरी त्यावर कमरेइतका सिमेंटचा गिलावा चढवला होता. जमिनीतून चढणारी ओल त्यातून बाहेर पडेना, म्हणून ती सिमेंटच्या वर जाऊन फुटायची. समुद्राकाठी त्या ओलीत मीठही असतं. पाणी सुकलं की मिठाचे स्फटिक विटेच्या आतच धरतात आणि वीट आतून भुसभुशीत होते. लोणा लागला म्हणतात तो हाच. सिमेंट छिन्नीनं जपून काढलं आणि भिंत कित्येक आठवडे उघडी सुकू दिली.

तोवर कळीचा चुना विरवून, त्याचा लगदा पाण्याखाली तीन महिने मुरवला. गवंड्यांनी पातळ थर देत गिलावा केला. चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड घेत हळूहळू पुन्हा चुनखडी होतो, आणि त्यासाठी थोडा ओलावा टिकावा लागतो. म्हणून ओली पोती टांगून ऊन अडवलं, सकाळ-संध्याकाळ पाणी शिंपडलं. एका बाजूला मी आळस केला, तिथे बारीक भेगा पडल्या. तो तुकडा काढून पुन्हा केला.

उरलेला चुना पिंपात पाण्याखाली झाकून ठेवलाय. आता मागच्या भिंतीचा अर्ज लिहितेय, आणि या वेळी आधी रंगाचे थर तपासले, नकाशा नंतर काढला.