तामा किती घालायचा?

घरोघरच्या बायकांच्या हातातलं माप काट्यावर आणून लिहायचं, हे माझं काम. छापील पाककृतीत ‘अंदाजाने’ चालत नाही. त्या पावसाळ्यात काठमांडूला लागून असलेल्या पाटणला आलु तामा नोंदवायला गेले, तेव्हाही पिशवीत वजनकाटा होताच.

आलु तामा म्हणजे बटाटा, बोडी, म्हणजे आपली चवळी, आणि तामा, म्हणजे आंबवलेले बांबूचे कोंब, यांचा आंबटसर पातळ रस्सा. तो भातावर घेतात. आधी एका घरी अर्धा किलो बटाट्याला 200 ग्रॅम तामा लागला होता. तोच आकडा दुसऱ्या घरी पडताळायचा, एवढंच त्या दिवसाचं काम होतं.

या दुसऱ्या घरच्या आमांचं (नेपाळीत आमा म्हणजे आई) स्वयंपाकघर इथल्या नेवार समाजाच्या जुन्या घरांत असतं तसं सगळ्यात वरच्या मजल्यावर. लगनखेलच्या बाजारातून सकाळीच तामा आणलेला. पिशवीची गाठ सुटली आणि उग्र वास खोलीभर झाला. माझं माहेर चंद्रपूरकडचं, पावसाळ्यात वास्त्यांची, म्हणजे बांबूच्या कोंबांची, भाजी खाऊन वाढलेय, पण आम्ही कोंब उकळून ते पाणी टाकून देतो. असे आंबवत नाही. (कच्च्या कोंबात विषारी सायनाइड तयार करणारे घटक असतात. उकळणं काय, आंबवणं काय, दोन्हींनी ते कमी होतात.)

“चाखून बघ, नानी,” म्हणत (नेपाळीत नानी म्हणजे पोरी) आमांनी एक तुकडा हातावर ठेवला. दात आंबले. आदल्या घरच्या तामाहून हा कितीतरी आंबट होता. आमांनी तो दोन पाण्यांनी धुतला, मुठीत घट्ट पिळला, परत चाखला आणि त्यातला निम्मा बाजूला काढून ठेवला. उरलेला मी काट्यावर ठेवला. 90 ग्रॅम.

मग सरसूचं तेल, धूर येईपर्यंत. त्यात मेथीदाणे. दाणे लालसर झाले की माझा हात आपोआप पुढच्या जिन्नसाकडे जातो, आमा थांबल्या. जवळजवळ काळे झाल्यावरच आलं-लसूण पडलं, मागून हळद, धणे-जिऱ्याची पूड, बटाट्याच्या फोडी, रात्रभर भिजवून उकडलेली बोडी आणि पाणी. तामा अजून बाजूलाच.

“सगळं एकदमच कुकरला का नाही लावत, आमा?”

“बटाटा शिजणारच नाही मग.”

बरोबरच होतं. बटाट्याच्या पेशी पेक्टिनने एकमेकींना धरून असतात आणि आंबटात ते पेक्टिन सहजी सुटत नाही. चवळीचंही तेच. आमटीत आपण चिंच-आमसूल डाळ शिजल्यावर घालतो, ते उगीच नाही. फोडीत सुरीचं टोक अलगद शिरल्यावर आमांनी थोड्या तेलात परतलेला तामा आत सोडला, एक उकळी काढली, पळीभर रस्सा तळहातावर घेऊन चाखला आणि बाजूला काढलेल्यातला चिमूटभर परत घातला. मला 200 ग्रॅमवाला रस्सा आठवत होता. दोन्हींचा आंबटपणा अगदी सारखा!

तामा किती दिवस मुरला, हवा किती गरम होती, यावर त्यातलं आम्ल ठरतं. तेव्हा ग्रॅम लिहून वाचणाऱ्याच्या हाती काय लागणार? आणि डब्यातले न आंबवलेले कोंब आणून वर लिंबू पिळलं की झाला आलु तामा, असं जे सर्रास सांगितलं जातं ते मला मुळीच पटत नाही. लिंबाने आंबटपणा येतो, मुरल्याचा वास येत नाही. आणि हा रस्सा त्या वासावरच तर उभा आहे.

संपादकांना एकच आकडा हवा होता. फोनवर बराच वाद झाला, मी मात्र हटले नाही. आता त्या पाककृतीत असं छापलंय : ‘तामा 90 ते 200 ग्रॅम. आधी चाखा. दात आंबले तर दोनदा धुऊन पिळा. बटाटा पूर्ण शिजल्यावरच थोडा थोडा घाला, दर वेळी रस्सा चाखा.’