माचिस्तेचं पारायण: कुठवर आलो

माचिस्ते या इटालियन मूकपटांतल्या धिप्पाड नायकाचे चित्रपट ओळीने बघायचं ठरवलं होतं. 'काबिरिया' (१९१४), 'माचिस्ते' (१९१५) आणि 'माचिस्ते आल्पिनो' (१९१६) हे तीन झाले. मग धीर धरवेना, म्हणून थेट १९२६ च्या 'माचिस्ते आल्लिन्फेर्नो'वर उडी मारली.

नव्याने सामील झालेल्यांसाठी थोडक्यात सांगतो. माचिस्तेचं काम करणारा बार्तोलोमेओ पागानो हा जेनोआ बंदरातला गोदी कामगार, जन्म १८७८ चा. तूरिनच्या इताला फिल्म या चित्रपट कंपनीला 'काबिरिया'साठी धिप्पाड गडी हवा होता, तो यात सापडला. नाटकाचा अनुभव शून्य. (आपल्याकडे याच सुमारास फाळक्यांना तारामतीसाठी उपाहारगृहातले अण्णा साळुंके मिळाले होते. तेव्हा नट असेच हुडकावे लागत.) दिग्दर्शक जोव्हान्नी पास्त्रोने, मधल्या पाट्या आणि पात्रांची नावं मिरवली कवी दानुन्झिओच्या नावावर.

'काबिरिया'त माचिस्ते हा रोमन फुल्विओचा गुलाम. पागानोचं अंग काळं रंगवलंय, आज ते बघताना खटकतंच. प्राचीन कार्थेज शहरात बळी जाणाऱ्या पोरीला हे दोघं सोडवतात, पण माचिस्ते पकडला जातो आणि वर्षानुवर्षं जात्याला जुंपला जातो. खरा नायक फुल्विओ, पण प्रेक्षकांनी डोक्यावर घेतलं ते गुलामाला.

मला सगळ्यात आवडला तो १९१५ चा. मागे लागलेल्या गुंडांपासून पळणारी एक मुलगी थिएटरात शिरते. पडद्यावर 'काबिरिया' चालू असतो. तिला वाटतं, आपल्याला वाचवेल तर हाच! ती सरळ इताला कंपनीकडेच मदत मागते. म्हणजे माचिस्ते आता प्राचीन काळातला गुलाम नाही, तर सूट घालणारा, माचिस्ते याच नावाचा गोरा नट. पागानो हे नाव कथेत कुठेच नाही. भूमिकेने माणूस गिळला तो इथेच.

आणि माझं मत असं की पागानो चालला तो दंडांमुळे नाही. तसे पैलवान इटलीत पुढे पुष्कळ आले. पण मारामारीतसुद्धा याला मजा येतेय हे चेहऱ्यावर दिसतं, आणि ते बाकीच्यांना जमलं नाही. 'आल्पिनो'त तर पहिल्या महायुद्धाला तोंड फुटतं तेव्हा चित्रीकरणाची टोळीच ऑस्ट्रियाच्या हद्दीत अडकते. प्रचारपट आहे हे उघड, पण करमणूक अव्वल.

'आल्लिन्फेर्नो'त तो नरकात जातो आणि सैतानीणीचं चुंबन घेऊन स्वतःच सैतान बनतो. दिग्दर्शन ग्वीदो ब्रिन्योने यांचं, युक्तीदृश्यांत सेगुंदो दे चोमोन यांचा हात. लहानपणी पाहिलेल्यातला आठवणारा पहिला चित्रपट हाच, असं इटालियन दिग्दर्शक फेलिनी सांगत. आश्चर्य नाही.

एक व्यवहारातली गोष्ट: प्रत सेकंदाला चोवीस फ्रेमच्या वेगाने फिरत असेल तर पागानो माकडचेष्टा करतोय असं वाटतं. प्लेअरचा वेग पाऊणपट करा, त्याच्या हालचालींना लगेच वजन येतं.

आता १९२२-२३ चे जर्मनीत काढलेले चित्रपट शोधतोय. महायुद्धानंतर इटलीतला धंदा बसला, तेव्हा तो तिकडे गेला होता. त्यानंतर १९२७ चा डोलोमाइट्स पर्वतांवरचा. १९६० नंतरचे नवे माचिस्ते या यादीत घेणार नाही. त्यांत पागानो नाही, आणि मला पागानोच हवाय.