कूपरेजच्या कुंपणापाशी एक कोल्हापूरकर

मुंबईला फुटबॉल बघायला चाललोय म्हटल्यावर आबांनी पेपर बाजूला ठेवला. ‘आरं, फुटबॉल बघायला कोल्हापूर सोडून कुठं निघालास?’ त्यांचं खरंच होतं. आमच्याकडं शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि दिलबहार या दोन तालमींच्या संघांची गाठ पडली की पेठांमधली दुकानंसुद्धा लवकर आवरतात. पण माझ्या डोक्यात बरीच वर्षं एक गोष्ट होती. महाराष्ट्रात फुटबॉल रुजला तो आधी मुंबईत. राज्याच्या राजधानीतली ती मैदानं एकदा पायी फिरून बघायची होती, आणि तीही पावसात.

महालक्ष्मी एक्स्प्रेसनं सकाळी सीएसएमटीला उतरलो, तेव्हा पावसानं नुसता उच्छाद मांडला होता. छत्री असून नसल्यासारखी. समोर महापालिकेची इमारत ओलांडली की आझाद मैदान. क्रिकेटच्या बावीस खेळपट्ट्यांचं हे मैदान पावसाळ्यात ओळखू येत नाही. खेळपट्ट्यांवर प्लास्टिक अंथरलेलं, आणि मधल्या हिरव्या-तपकिरी चिखलात शाळांचे फुटबॉल सामने सुरू. मुंबईच्या शाळांची क्रीडा संघटना १८९३ पासूनची आहे. सव्वाशे वर्षांहून जास्त काळ या शहरातली पोरं शाळेच्या नावाचा शर्ट घालून असं भिजत आली आहेत.

एका सामन्यापाशी मी तासभर उभा राहिलो. फक्कीच्या रेषा केव्हाच वाहून गेल्या होत्या. थ्रो-इन कुठून घ्यायचा ते रेफ्री हातानं दाखवत होते, आणि कुणी तक्रार करत नव्हतं. एका बाजूचा डावा विंगर असेल तेरा-चौदा वर्षांचा. चेंडू डबक्यात अडकला की बाकीची पोरं त्याला लाथा घालायची, पाणी उडायचं आणि चेंडू तिथंच. हा पोरगा मात्र चेंडूच्या खाली बूट सरकवून पायाच्या बोटांनी तो वर उचलायचा, आणि हवेत असतानाच पुढं टोलवायचा. तीनदा केलं त्यानं तसं. तिसऱ्यांदा त्याच्याच क्रॉसवर गोल झाला. कोच ओरडत होते, ‘अरे मार्क कर, मार्क कर, लाइन सोडू नको!’ आणि रेनकोटातली एक आई बुटांची कोरडी जोडी प्लास्टिकच्या पिशवीत पोटाशी धरून उभी होती. ही चिखलातली शाळा ज्यानं केली, त्याला कोरड्या मैदानावर कुणाची भीती वाटणार?

तिथून मेट्रो सिनेमाच्या बाजूला, धोबी तलावाला गेलो. इथं खेळाच्या सामानाची दुकानं ओळीनं आहेत. बुटांच्या जोड्या दोरीला टांगलेल्या, ट्रॉफ्या कपाटात गर्दीनं उभ्या. कयानीमध्ये ब्रून मस्का आणि चहा घेतला, अंग जरा तापलं, आणि मग वर बघत बघत त्या जुन्या इमारतींपाशी फिरलो. गोव्याच्या लोकांचे ‘कूड’ याच भागात. कूड म्हणजे एकेका गावाचा मुंबईतला मुक्काम. बोटीवर नोकरी करणारा माणूस दोन सफरींच्या मधे इथं यायचा, आपली पेटी ठेवायचा, गावच्या संताच्या देव्हाऱ्यापुढं संध्याकाळी प्रार्थना म्हणायचा. हे ऐकलं तेव्हा मला आमच्या तालमी आठवल्या. एका पेठेची पोरं, एक छप्पर, एक देव. गोव्याहून नोकरीसाठी आलेली कितीतरी पोरं मुंबईच्या संघांतून खेळली, आणि त्यांच्यातलाच एक सगळ्या जगाला माहीत झाला.

नेव्हिल डिसूझा. जन्म गोव्याचा, खेळला मुंबईच्या टाटा संघाकडून. १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये त्यानं यजमान ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल केले, भारत ४-२ असा जिंकला. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅटट्रिक करणारा तो पहिला आशियाई खेळाडू. उपांत्य सामन्यात युगोस्लाव्हियाकडून आपण हरलो, तेव्हाही आपला एकमेव गोल त्याचाच होता. भारत त्या स्पर्धेत चौथा आला, आणि त्याहून वरचा क्रमांक आपल्याला ऑलिंपिक फुटबॉलमध्ये पुन्हा कधी मिळाला नाही. वांद्र्याला रेक्लमेशनपाशी त्याच्या नावाचं फुटबॉल मैदान आहे. दुपारी लोकल पकडून मी तिथं जाऊन आलो. मैदान रिकामं होतं, गोलच्या जाळीवरून पाणी टपकत होतं. त्याच्या नावाची पाटी वाचली आणि उगीचच पाठ ताठ झाली.

अंधेरीच्या फुटबॉल मैदानासाठी या वेळी उतरलो नाही. तिथलं माझं काम २०१८ मध्येच झालं होतं. जून महिना, इंटरकॉन्टिनेंटल कप. चिनी तैपेईविरुद्धचा पहिला सामना आपण ५-० जिंकलो, तो बघायला अडीच हजारांच्या आसपास माणसं. मग भारताचा कर्णधार सुनील छेत्रीनं व्हिडिओतून हात जोडून सांगितलं, शिव्या द्यायच्या तर द्या, पण मैदानावर या. ४ जूनला केनियाविरुद्ध त्याचा शंभरावा सामना होता. मी मित्राच्या रिक्षात बसून वीरा देसाई रोडला पोचलो, तर तिकीट कुठंच नाही. कसंबसं एक मिळालं. धो धो पाऊस, मैदानात पाणी, आणि उत्तरार्धात आपले तीन गोल. दोन छेत्रीचे, एक जेजेचा. त्या रात्री शेजारी बसलेल्या मुलुंडच्या अनोळखी काकांनी मला मिठी मारली होती. पुढच्याच वर्षी त्याच मैदानावर इंडियन सुपर लीगची, म्हणजे आयएसएलची, अंतिम लढत झाली. बंगळुरू विरुद्ध गोवा, जादा वेळेतलं ११७ वं मिनिट, कॉर्नर, आणि हेडर मारून बंगळुरूला कप जिंकून देणारा बचावपटू कोण, तर आपल्या मुंबईचा राहुल भेके. याच भेकेनं २०२२ मध्ये मुंबई सिटी क्लबकडून इराकच्या एअर फोर्स क्लबविरुद्ध डोक्यानंच विजयी गोल केला. आशियाई चॅम्पियन्स लीगमध्ये भारतीय क्लबनं जिंकलेला तो पहिला सामना. टीव्हीवर ‘भेके’ हे आडनाव परदेशी समालोचकाच्या तोंडून ऐकताना आमच्या घरात आबा उठून उभे राहिले होते.

चर्चगेटला परत आलो तेव्हा साडेचार झाले होते. ओव्हल मैदानाच्या कडेनं, राजाबाई टॉवर डावीकडं ठेवून चालत कूपरेजला पोचलो. ज्याच्यासाठी आलो होतो, ते हे.

कूपरेज हे नावच मुळात पिंपं बनवणाऱ्या कारागिरांवरून, इंग्रजीतल्या ‘कूपर’वरून, आलेलं. आज आत हिरवंगार कृत्रिम गवत आहे, बाजूला बँडस्टँडची बाग, पलीकडं मंत्रालयाकडं जाणाऱ्या गाड्या. स्टँड आटोपशीर आहे. आमच्या शाहू स्टेडियमच्या पायऱ्या बघितलेल्या माणसाला ते लहानच वाटतं. पण रोव्हर्स कप म्हटलं की याच मैदानाचं नाव निघतं. ती स्पर्धा १८९१ ला सुरू झाली, आणि पहिली कित्येक वर्षं कप गोऱ्या पलटणींकडंच जायचा. १९२३ मध्ये कलकत्त्याहून मोहन बागान आला, अंतिम फेरीपर्यंत गेला आणि हरला. मग १९३७ ला बंगलोर मुस्लिम्सनं तो जिंकला, कप पहिल्यांदा भारतीय संघाच्या हातात. १९४० ला मोहम्मेडन स्पोर्टिंग. स्वातंत्र्यानंतर हैदराबाद सिटी पोलिसांनी १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षं कप नेला. त्यांचे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम, तेच पुढं मेलबर्नला नेव्हिलच्या संघाचे प्रशिक्षक. १९५८ ला मुंबईच्याच कॅल्टेक्सनं तो जिंकला. तेल कंपनीचा संघ!

आणि इथंच मला मुंबईच्या फुटबॉलची गोम कळली. कॅल्टेक्स, टाटा, मफतलाल, ऑर्के मिल, सेंट्रल रेल्वे, वेस्टर्न रेल्वे, एअर इंडिया, महिंद्र, बँक ऑफ इंडिया, आरसीएफ. ही नावं वाचा. एकही पेठ नाही, एकही गल्ली नाही. सगळी ऑफिसं आणि गिरण्या.

कुंपणापाशी एक काका छत्री टेकवून उभे होते. आत पोरापोरींचा सराव चालू होता, आणि ते एका मुलीकडं बोट करून स्वतःशीच म्हणाले, ‘बॉल बघू नको, समोरच्याची कंबर बघ.’ मी हसलो, तसं बोलणं सुरू झालं. वय सत्तरच्या पुढचं, राहणार माझगावचे. एका बँकेच्या संघात बचावफळीत खेळलेले. ‘सकाळी सहाला प्रॅक्टिस, साडेदहाला काउंटर,’ ते म्हणाले. ‘स्पोर्ट्स कोट्यात लागलो. घरात पहिली कायमची नोकरी माझी. फुटबॉलनं दिली.’ केरळची, गोव्याची, बंगालची पोरं अशाच नोकरीसाठी मुंबईत आली आणि इथलीच झाली, असंही त्यांनी सांगितलं.

मी विचारलं, मग हे सगळं गेलं कुठं? रोव्हर्स कप २०००-०१ नंतर झालाच नाही. महिंद्र युनायटेडनं २००५-०६ ला राष्ट्रीय लीग जिंकली, आणि २०१० मध्ये संघच बंद केला. एअर इंडिया आणि ओएनजीसी २०१३ ला परवान्याच्या निकषांत न बसल्यामुळं आय-लीगमधून, म्हणजे तेव्हाच्या राष्ट्रीय लीगमधून, बाहेर गेले. २००७ मध्ये सुरू झालेला मुंबई एफसी दहा वर्षांत संपला. आता मुंबई सिटीनं आयएसएलची लीग शील्ड (साखळीत पहिल्या येणाऱ्याची) आणि कप दोन्ही दोन-दोनदा जिंकलेत, त्याचा आनंद मला मनापासून आहे. पण काका जे बोलले ते ऐकून मी गप्प झालो.

‘आमच्या ऑफिसनं टीम बंद केली. नोकऱ्या राहिल्या, पगार राहिला. पण रविवारी कुणाच्या नावानं ओरडायचं, ते नाव गेलं.’

पाटाकडील तालीम कधी बंद पडेल असं आमच्या मनातसुद्धा येत नाही, कारण पेठ बंद पडत नाही. मुंबईत संघाला नाव देणारी गिरणीच बंद पडली. खेळणारे हात-पाय तेवढेच तरबेज राहिले, सकाळी आझाद मैदानावर मी ते डोळ्यांनी बघितलं होतं. त्या डाव्या विंगरला उद्या शाळा सुटल्यावर कुठल्या नावाचा शर्ट मिळणार, हे मला फार लागून राहिलं.

‘कुठले तुम्ही?’ काकांनी विचारलं. कोल्हापूर म्हटल्यावर त्यांनी छत्री डाव्या हातातून उजव्या हातात घेतली. ‘अहो, मग आधी बोलायचं ना! आम्ही शाहू स्टेडियमवर खेळून गेलोय. लोक झाडावर बसले होते हो, झाडावर!’ कुठल्या साली, ते त्यांना आठवेना. पण समोरचा सेंटर फॉरवर्ड आठवत होता. बुटका, खांदे रुंद, आणि डाव्या पायानं फसवणारा.

माझी गाडी रात्रीची होती. तरी बोलत बोलत ते माझ्याबरोबर ओव्हलपर्यंत चालत आले. पाऊस जरा कमी झाला होता. सिग्नलपाशी ते थांबले, छत्री माझ्या हातात दिली, आणि ओल्या फुटपाथवर दोन्ही गुडघे वाकवून, अंग तिरकं करून उभे राहिले. ‘तो असा आला. उजवीकडं झुकला. मी हललो नाही. मला ठाऊक होतं, तो डावीकडंच जाणार.’ त्यांचा उजवा पाय हळूच पुढं सरकला आणि नसलेला चेंडू अलगद काढून घेतला.

सिग्नल हिरवा झाला, माणसं आमच्या बाजूनं निघून गेली. ‘आणि मग?’ मी विचारलं, आणि त्यांच्या डोक्यावर छत्री धरली.