तमिळ पडद्यावरची पावले

तमिळ चित्रपटांतील नृत्यगीतांची वाटचाल पाहताना मला नट-नट्यांपेक्षा त्यांना नाचवणारे गुरू अधिक महत्त्वाचे वाटतात. भरतनाट्यमच्या आजच्या मार्गमची, म्हणजे सादरीकरणाच्या ठरलेल्या क्रमाची, बांधणी करणाऱ्या चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम आणि वडिवेलू या चार भावांना तंजावरच्या भोसले दरबाराचा आश्रय होता, याची आठवण आपण मराठी माणसांनी तरी ठेवायला हवी. त्याच प्रदेशातील नट्टुवनार म्हणजे नृत्यगुरूंच्या परंपरेतल्या वळुवूर रामय्या पिळ्ळै यांची शिष्या कुमारी कमला १९४७ साली ‘नाम इरुवर’मध्ये तमिळ कवी सुब्रमण्य भारतींच्या गीतांवर नाचली. देवळांत हे नृत्य करणाऱ्या देवदासींच्या प्रथेला मद्रास प्रांतात कायद्याने बंदी झाली तीही त्याच वर्षी. देवळातून आणि दरबारातून निघालेले हे नृत्य सामान्य घरांपर्यंत नेण्यात पडद्याचा वाटा मोठा आहे.

१९४८ च्या ‘चंद्रलेखा’तील प्रचंड नगाऱ्यांवरचे समूहनृत्य भव्य आहेच, परंतु त्याच चित्रपटाचे दिग्दर्शक एस. एस. वासन यांच्या १९५८ च्या ‘वंजिकोट्टै वालिबन’मधील पद्मिनी आणि वैजयंतीमाला यांची जुगलबंदी मला कितीतरी श्रेष्ठ वाटते, कारण दोघींचेही शिक्षण पक्के होते आणि नजरेपासून पदन्यासापर्यंत कुठेही उसनेपणा दिसत नाही. साठच्या दशकात पाश्चात्त्य ठेकाही आला.

खरा बदल घडवला तो गावजत्रेतल्या डप्पांकुत्तू या लोकनृत्याने. त्यातले चर्मवाद्य परई ही आपल्या हलगीच्या जातकुळीतली असल्याने, गणपतीच्या मिरवणुकीत ढोलाच्या तालावर नाचणाऱ्या आम्हा नाशिककरांना तो ठेका मुळीच परका वाटत नाही. नृत्यदिग्दर्शक सुंदरम यांचा मुलगा प्रभुदेवा याने ‘जेंटलमन’ (१९९३) आणि ‘कादलन’ (१९९४) या चित्रपटांत याच रांगड्या ऊर्मीला भरतनाट्यमची तालीम आणि मायकेल जॅक्सनची लवचीकता यांची जोड दिली. सुंदरम यांना ‘तिरुडा तिरुडा’साठी आणि प्रभुदेवाला ‘मिन्सार कनवु’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, ते सर्वस्वी योग्यच होते.

अलीकडच्या अनेक गाण्यांत मात्र दर क्षणाला दृश्य तुटते आणि नर्तकाची हालचाल पूर्ण होण्याआधीच कॅमेरा दुसरीकडे वळतो, याचे मला मनापासून वाईट वाटते. म्हणूनच ‘मारी २’ (२०१८) मधील ‘रौडी बेबी’त साई पल्लवीला नाचताना पाहून समाधान होते, प्रभुदेवाने बसवलेल्या त्या गाण्यात तिचा प्रत्येक ठेका अंगभर उमटलेला दिसतो.