पिकअपच्या चाकात हवा किती? आधी काट्यावर जा

मार्च लागला की विदर्भातल्या कुठल्याही पंक्चरच्या दुकानावर एक सल्ला फुकट मिळतो. "ऊन तापून राहिलं भाऊ, पाच-सात पॉइंट हवा कमीच ठेवा, नाहीतर टायर फुटंल." सांगणारा मनापासून सांगतो, ऐकणाऱ्यालाही पटतं. हवा तापली की फुगते हे शाळेत शिकलेलं असतं ना. पण भरल्या पिकअपचं मागचं चाक मे महिन्यात रस्त्यावर फाटतं, तेव्हा बहुतेक वेळा त्यात हवा कमीच असते.

कारण असं. हवा कमी असली की टायरची बाजू प्रत्येक फेऱ्याला जास्त दबते आणि पुन्हा सरळ होते. पंधरा इंची डिस्कचं (म्हणजे रिमचं) चाक ताशी ६० किलोमीटर वेगाला मिनिटाला साडेचारशेच्या वर फेरे घेतं. म्हणजे रबर आणि आतले धागे तितक्या वेळा वाकतात. वाकण्यातून उष्णता तयार होते, आणि रबरातून उष्णता लवकर बाहेर पडत नाही. खालून डांबर तापलेलं, वरून ४५ अंशांचं ऊन. शेवटी रबर आणि धाग्यांची पकड सुटते आणि बाजू फाटते. चालताना हवा तापून दाब वाढणार, हे टायर बनवणाऱ्याने आधीच धरलेलं असतं. टायरवर आणि दरवाजाच्या स्टिकरवर छापलेला आकडा थंड टायरचा असतो, त्यात या वाढीला जागा ठेवलेली असते.

थंड टायर म्हणजे गाडी तीन तास उभी असलेली, किंवा फार तर दोन किलोमीटर चाललेली. सकाळी, ऊन चढायच्या आधी मोजलं तर उत्तम. गाडीच्या एकाच बाजूला ऊन लागलं असेल तर त्या बाजूची दोन्ही चाकं दोन-तीन पीएसआय (हवेच्या दाबाचं माप, दुकानात यालाच पॉइंट म्हणतात) जास्त दाखवतात. मग माणूस ती "बरोबर करायला" हवा सोडतो आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ती बाजू कमी निघते.

आणखी एक गैरसमज. माल टाकला की दाब वाढतो, असं खूप जण धरून चालतात. गाडीत १२ क्विंटल टाकले तरी हवा मोजायच्या गेजवरचा आकडा जेमतेम एखादा पीएसआय हलतो. म्हणून गाडी ओव्हरलोड आहे की नाही हे गेज कधीच सांगत नाही, आणि डोळाही सांगत नाही. रेडियल टायर, म्हणजे आतले धागे आडवे असलेला आजचा टायर, पुरेशी हवा असतानाही खाली थोडा फुगलेला दिसतो. लाथ मारून किंवा टॉमीने ठोकून अंदाज घेण्याची पद्धत तिरप्या धाग्यांच्या जुन्या नायलॉन टायरच्या काळात थोडीफार चालून जायची. रेडियलमध्ये ४५ आणि ६० यांतला फरक ठोकून कळत नाही.

गाडी कंपनीकडून आली तशीच असेल, टायर त्याच मापाचे असतील आणि माल आरसीवरच्या वजनात बसत असेल, तर प्रश्नच नाही. ड्रायव्हरच्या दरवाजाजवळचं स्टिकर किंवा पुस्तिका बघा. पुढचा आकडा वेगळा, मागचा वेगळा, रिकाम्या आणि भरल्या गाडीचे वेगळे. तेवढं पाळलं की झालं. अडचण सेकंडहँड गाडीला येते. स्टिकर गेलेलं, पुस्तिका नाही, टायर आधीच्या मालकाने मिळेल ते टाकलेले. अशा वेळी हिशेब स्वतः करावा लागतो, आणि तो अवघड नाही.

आधी टायरची बाजू वाचा. समजा १९५ आर १५ (रुंदी १९५ मिलिमीटर, आर म्हणजे रेडियल, डिस्क १५ इंच), ८ पीआर (प्लाय रेटिंग, टायरच्या मजबुतीचा दर्जा), आणि पुढे १०६/१०४ असं लिहिलंय. १०६ हा भाराचा सांकेतिक आकडा, म्हणजे एका बाजूला एकच चाक असेल तर एका टायरला ९५० किलो. १०४ म्हणजे ९०० किलो, तो मागे जोडचाकं असलेल्या गाड्यांसाठी, आपल्या पिकअपला पहिलाच आकडा लागतो. जवळच बारीक अक्षरात कमाल भार आणि त्यासाठीचा दाब असतो, ४५० केपीए (किलोपास्कल, दाबाचंच दुसरं माप). त्याला ६.९ ने भागा, ६५ पीएसआय येतात. याचा अर्थ एवढाच की ९५० किलो पेलायला या टायरला थंड असताना ६५ लागतात. चारही चाकांत ६५ भरा असा त्याचा अर्थ होत नाही, जरी बरेच जण तसंच वाचतात.

आता गाडी काट्यावर न्या. जिनिंगपाशी आणि बाजार समितीच्या आसपास धरमकाटा असतोच. नेहमीचा माल भरून आधी फक्त पुढची चाकं काट्यावर घ्या, वजन लिहा. मग पूर्ण गाडी घ्या. वजाबाकी केली की मागच्या एक्सलचं वजन निघतं. रिकाम्या गाडीचंही एकदा असंच करून ठेवा. पावतीचे पैसे एका टायरच्या किमतीपुढे काहीच नाहीत.

उदाहरणादाखल, रिकामी गाडी १७०० किलो, त्यात पुढे ९५० आणि मागे ७५०. तिच्यात डीएपीच्या २४ बॅगा टाकल्या. ५० किलोची बॅग, म्हणजे १२ क्विंटल. आता काट्यावर पुढे १०५० आणि मागे १८५०. बाराशे किलोपैकी अकराशे मागच्या दोन चाकांवर गेले आणि पुढच्यांना फक्त शंभर कळले. हौद्यात माल कसा लावला यावर यात थोडाफार फरक पडेल, पण चित्र साधारण हेच राहतं. म्हणूनच पुढे-मागे सारखी हवा ठेवणं चूक आहे.

पुढचं साधं त्रैराशिक. मागच्या एका चाकावर ९२५ किलो. ९२५ गुणिले ६५ भागिले ९५० म्हणजे ६३. पुढच्या एका चाकावर ५२५, म्हणजे ३६. ब्रेक लागला की भार पुढे झुकतो, म्हणून ३८ ते ४० ठेवा. रिकाम्या गाडीत मागच्या एका चाकावर ३७५ किलो येतात, त्रैराशिकाने २६ निघतात, पण तेवढ्यावर उतरू नका. ३५ च्या खाली हा टायर वळणावर डुलतो आणि खड्ड्यात डिस्कवर आपटतो. या पद्धतीने निघणारा आकडा गरजेपेक्षा किंचित जास्तच येतो, म्हणजे चुकलं तरी सुरक्षित बाजूला चुकतं.

आता तीच गाडी, तोच माल, पण टायर १८५ आर १४, ८ पीआर, १०२/१०० चे आहेत असं समजा. १०२ म्हणजे ८५० किलो, ६५ पीएसआयला. चाकावर ९२५ येतात. इथे हवेने काही होणार नाही. ६५ चे ७५ केले तरी टायरची ताकद ८५० चीच राहते, फक्त खड्ड्यात तो लवकर फुटेल. माल कमी करा किंवा वरच्या क्षमतेचे टायर टाका, तिसरा उपाय नाही. मागच्या चाकांना कारचे टायर लावणाऱ्यांनी तर हा परिच्छेद दोनदा वाचावा.

कापसाचं गणित जरा निराळं. मोकळा कापूस जागा जास्त खातो, वजन कमी भरतं. पण त्याची उंची वाढते आणि दोर आवळताना ढीग एका बाजूला कलतो. पांदणीच्या उतारावर सगळा भार खालच्या मागच्या चाकावर येतो. काट्याने दिलेलं वजन दोन्ही चाकांत सारखं वाटलंय असं धरून निघालेल्या आकड्यात कापसासाठी चार-पाच पीएसआय वाढवा, टायरवरच्या कमाल आकड्याच्या आत राहून. वरूड-मोर्शीकडे संत्र्याचे कॅरेट सारखे रचले जातात, तिथे हा त्रास नाही. तिथे त्रास परतीचा. माल उतरला की मागे ६३ हवा असलेली रिकामी गाडी स्प्रिंगच्या पाट्यांवर उडत येते, टायरची फक्त मधली पट्टी रस्त्याला टेकते, आणि ओल्या डांबरावर ब्रेक मारला की मागचा भाग घसरतो.

रोज जाताना भरली, येताना रिकामी अशी गाडी असेल तर काय करायचं? हवा भरल्या मालाचीच ठेवा आणि रिकाम्या गाडीचा वेग कमी ठेवा, विशेषतः पावसात. रिकाम्याची हवा ठेवून माल भरणं हे त्याच्या कितीतरी पट धोक्याचं. आठवडाभर माल नसेल तर मात्र मागची हवा उतरवून घ्या. पुन्हा भरण्यासाठी घरी पंप हवा. सिगारेट लायटरमध्ये खुपसायचे छोटे पंप कारच्या ३२ पीएसआयसाठी ठीक. पिकअपच्या टायरला ६० च्या वर नेताना ते तापून बंद पडतात. बॅटरीला थेट चिमटे लावून चालणारा घ्या. आणि गेज स्वतःचं ठेवा. पंक्चरच्या दुकानातलं गेज दिवसातून किती वेळा जमिनीवर पडतं ते सगळ्यांनी पाहिलंय.

उन्हाळा-हिवाळ्याचा हिशेबही सांगून टाकू. ६५ च्या आसपास दर १० अंशांना सुमारे अडीच पीएसआय फरक पडतो, ३५ च्या आसपास दीडेक. मे महिन्यात ४० अंश असताना थंड टायरमध्ये ६५ भरले आणि मग हात लावला नाही, तर जानेवारीत १२ अंशांच्या सकाळी गेज ५८ दाखवेल, एक थेंबही गळती नसताना. गळती तर असतेच, महिन्याला एक-दोन पीएसआय. आणि नेमका कापूस आणि अंबिया बहाराचा संत्रा निघण्याचा हंगाम थंडीचाच. म्हणून दिवाळीनंतर दर पंधरा दिवसांनी गेज लावा.

चालून तापलेल्या टायरची हवा सोडायची नाही, हा नियम पक्का. थंड असताना ६३ असतील तर तासाभराच्या रस्त्यानंतर ७० ते ७२ दिसणं ठीक. मे महिन्यातल्या दुपारी आणखी चार-पाच धरा. त्याच्याही वर गेलं तर थांबा, टायर निवू द्या आणि माल कमी करा. कारण दाब एवढा चढतो तो हवा कमी किंवा माल जास्त असल्यामुळे. तिथे हवा सोडली तर टायर आणखी वाकेल आणि आणखी तापेल. समृद्धीवर नागपूरहून निघून तासन्‌तास एका वेगाने जाणाऱ्यांनी हे जास्त जपावं. गावच्या रस्त्यावर खड्डे आणि गुरं टायरला निवायला वेळ देतात, तिथे तो मिळत नाही. मेळघाटात उतरताना आणखी एक भर पडते. ब्रेकच्या ड्रमची उष्णता डिस्कमधून आत जाते, ट्यूब असेल तर ती आधी नरम होते. दुसऱ्या-तिसऱ्या गिअरमध्ये उतरा.

नायट्रोजनबद्दल विचारणा होतेच. साध्या हवेतही ७८ टक्के नायट्रोजनच असतो, आणि तापल्यावर दोन्ही सारखेच फुगतात. नायट्रोजन कोरडा असतो आणि जरा हळू गळतो, एवढाच फायदा. फुकट मिळाला तर घ्या.

शेतात गाडी नेताना हवा कमी करावी का? नदीच्या वाळूत किंवा भुसभुशीत कोरड्या जमिनीत रिकामी गाडी २५-३० वर आणली तर उपयोग होतो, चालण्याच्या वेगाने, आणि डांबरावर चढायच्या आधी पुन्हा भरून. ओल्या काळ्या मातीत मात्र काही होत नाही. ती नक्षीत घट्ट बसते आणि दोन फेऱ्यांत टायर गुळगुळीत होतो, हवा काही का असेना. पांदणीच्या तोंडाशी गाडी उभी करा आणि माल बंडीने किंवा ट्रॅक्टरने आणा. शिवाय कमी हवेचा टायर बाजूने बाहेर येतो, आणि पराटीची (कापसाच्या झाडाची) किंवा तुरीची विळ्याने तिरपी कापलेली धसकटं त्याच बाजूत शिरतात. नक्षीवरचं पंक्चर निघतं, बाजूचं निघत नाही.

ट्यूबवाल्या टायरला कमी हवेचा आणखी एक त्रास. टायर डिस्कवर सरकतो, ट्यूबला ओढत नेतो आणि नोजल मुळाशी फाटतं. डिस्कच्या भोकातून नोजल सरळ बाहेर न येता तिरपं झालेलं दिसलं तर हवा सोडून टायर नीट बसवा, ते फाटायची वाट बघू नका. ट्यूबलेसमध्ये रबरी नोजलला मर्यादा असते. कारला बसणारं साधं रबरी नोजल थंड टायरच्या ६५ पीएसआयपर्यंतचंच. त्याहून जास्त दाबाचे टायर लावले तर धातूचं, नटने आवळायचं नोजल बसवून घ्या. हवा भरून झाल्यावर नोजलवर थुंकी लावून बुडबुडा येतो का बघा, आला तर आतली पिन आवळा किंवा बदला. आणि टोपी लावा, कारण पिनमध्ये पांदणीची धूळ बसली की तीच गळतीचं कारण होते.

टायर कसा खातो यावरून हिशेब तपासता येतो. दोन्ही कडा खातो तर हवा कमी, मधली पट्टी खातो तर जास्त. एकच कड खात असेल तर हवेला दोष देऊ नका, अलाइनमेंट बघा. जागोजागी खोलगट खात असेल तर शॉकअप गेलेत.

राहिली स्टेपनी. ती हौद्याखाली चिखलात लटकलेली असते आणि वर्षभर कुणी तिला गेज लावत नाही. तिच्यात मागच्या भरल्या चाकाएवढी हवा ठेवा, वरच्या उदाहरणात ६३. पुढे लावायची वेळ आली तर सोडून ४० करता येते, रानात भरून ६३ करता येत नाही.